केशरी, एक्केचाळीस सेकंद

हे मी लिहावं की नाही, या विचारात गणपती गेले, दिवाळीही गेली. आमच्या घरात आतापर्यंत जे काही लिहिलं गेलं ते अर्जच. रेशनकार्डाचा, होडीच्या परवान्याचा, माझ्या स्कॉलरशिपचा. कॉलेजात गेलेली घरातली मी पहिली, म्हणून अर्ज माझ्याकडे. त्यामुळे मोठ्या माणसाबद्दल लिहायचं म्हटलं की मला ‘माननीय महोदय’च्या पुढे सुचत नाही. शिवाय ज्यांच्याबद्दल लिहायचं आहे, त्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांच्या कामातलं जास्तीचं काढून टाकलं. माझी ही पानं त्यांच्या हाती पडली तर निम्मीही उरणार नाहीत. तेव्हा जिथे चुकेन तिथे वाचणाऱ्यांनी, आणि मुख्य म्हणजे त्यांनी, मला सांभाळून घ्यावं.

ते सिनेमाचे संकलक होते. शूटिंग झालेल्या ढीगभर तुकड्यांतला कुठला ठेवायचा, कुठला टाकायचा आणि कशाला काय जोडायचं हे ठरवणारा माणूस. मुंबईत त्यांनी हे काम चाळीस वर्षं केलं. मूळचे ते कुणकेश्वरकडचे. पण मुंबई सोडल्यावर घरी न जाता देवबागला आले आणि आमच्या घरामागे माडांत पाहुण्यांसाठी बांधलेल्या दोन खोल्यांपैकी एक त्यांनी कायमची भाड्याने घेतली. एका बाजूला खाडी, दुसऱ्या बाजूला समुद्र, आणि दोन्हींचा आवाज वेगळा, म्हणून हीच खोली, असं म्हणाले. गावात त्यांना मास्तर म्हणत. मी सर म्हणायचे.

त्यांची पहिली सवय आम्हांला कळली ती आईमुळे. आई त्यांना जेवणाला कोळंबीचं कालवण चालेल का विचारायला गेली. “मास्तरांनू, आज सुंगटा गावली हत, तर तिकला करू काय...” एवढं म्हणेपर्यंत ते “कळलं” म्हणाले आणि उठून समुद्राकडे चालू लागले. आई तशीच उभी. बोलण्याचा अर्थ पोचला की पुढचे शब्द त्यांच्या लेखी संपलेले असत. फोनवर समोरचा ‘बरं, ठेवतो’ म्हणायच्या आत त्यांनी ठेवलेला असे. आमच्याकडे सत्यनारायण होता तेव्हा तिसऱ्या अध्यायातच ते उठले. आईने प्रसाद खोलीवर नेऊन दिला आणि विचारलं, “मधीच कित्या उठलात?”

“शेवट कळला.”

“देवाचा शेवट कळलो म्हणता!” आई घरी येऊन बाबांना म्हणाली. “ह्या माणसाक पुरा ऐकूक कोणी शिकवल्यानच नाय.”

वेळ ते घड्याळात मोजत नसत. सिनेमात एका सेकंदाला चोवीस चित्रं असतात, त्यांना फ्रेम म्हणतात. ते सगळं त्या मापाने, पायाने ताल धरून मोजत. एकदा आईने मला हाक मारली आणि मी पुस्तक मिटून उठले. ते पायरीवरून बघत होते. “अडीच सेकंद. साठ फ्रेम. त्यातल्या चाळीस नको होत्या.” मी ओशाळले. पण नंतर अभ्यासाचं टिपण काढताना कुठली ओळ नको हे मला त्यांच्यामुळेच कळायला लागलं, हेही सांगायला हवं.

त्यांच्याजवळ हातात धरायचा एक आरसा होता. एखादं काम पुरं झालं की ते संगणकाकडे पाठ करून बसत आणि आरशातून पडदा बघत. उजवं डावीकडे गेलं की आपलंच काम परक्याचं वाटतं आणि चूक दिसते, असं त्यांचं म्हणणं. खोलीत एक दोरी बांधलेली होती आणि तिला आईच्या कपड्यांचे चिमटे लावून कागदाच्या चिठ्ठ्या टांगलेल्या असत. पूर्वी फिल्मचे काढलेले तुकडे खिळ्यांना टांगून ठेवायचे, खाली कापडी पिशवी असायची. आता तुकडे हाताला लागत नाहीत, म्हणून चिठ्ठ्या. काय काढलं, किती सेकंद, का काढलं. आईचे बारा चिमटे असे अडकले होते. ती मागायला गेली की ते म्हणत, “काम चालू आहे.”

काम म्हणजे काय, तर इथली लग्नं, दशावताराचे प्रयोग, कुणाच्या मुंजीचं शूटिंग. तीन तासांचं लग्न ते बावीस मिनिटांत आणत आणि लोक भांडायला येत. “माझी आत्या खंय गेली?” “आत्या दोनदा होती. एकदा ठेवली.” तरी लोक पुन्हा त्यांच्याचकडे जात.

मुंबई का सोडली हे त्यांनी एकदाच सांगितलं, तेही बाबांना. आम्ही किनाऱ्यावर होतो, रापण ओढली जात होती. जाळं वर आल्यावर बाया मासळी निवडत होत्या, आणि नको ते पाण्यात परत फेकणाऱ्या त्यांच्या हातांकडे ते एकटक बघत होते. मग बोलले. शेवटच्या सिनेमात नायिका रडते असा एक तुकडा होता. अकरा सेकंद. त्यांनी तो काढला. दिग्दर्शकाने त्यांना न विचारता परत लावला. त्यांनी सिनेमाच्या नावांच्या पाटीवरून स्वतःचं नाव काढायला लावलं, आणि नंतर कुणाकडे काम मागितलं नाही.

बाबांनी पायाशी आलेला एक खेकडा उचलून पाण्यात टाकला. मग म्हणाले, “अकरा सेकंदाक मुंबई सोडल्यात?”

“चाळीस वर्षांत मी काढलेला एकही तुकडा परत लागला नव्हता.”

“आणि ती बाई खरीच रडत होती?”

मास्तर उठून गेले. बाबांचा प्रश्न त्यांना कळला होता, म्हणून उठले की आवडला नाही म्हणून, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

आता त्या व्हिडिओबद्दल. बाबा पर्यटकांना होडीतून खाडीच्या मुखापर्यंत नेतात. आजूबाजूच्या सगळ्यांचे व्हिडिओ होते, आमचा नव्हता. मी हट्ट धरला. नाशिककडचं एक कुटुंब आमच्याकडे उतरलं होतं. त्यांची परवानगी घेऊन मी त्यांच्या फेरीचं माझ्या फोनवर सतरा मिनिटं शूटिंग केलं. धक्क्यावर मी उभी होते, परतीचंही मीच घेतलं. ते सगळं सरांच्या संगणकात उतरवलं आणि फोनमध्ये जागा नव्हती म्हणून फोनमधलं पुसून टाकलं. त्यांनी चार दिवस लावले. एक मिनिट पन्नास सेकंद. आपल्या बाबांची होडी इतकी सुंदर असू शकते हे मला तेव्हाच कळलं. होडीत बसलेली हसरी माणसं, मग एकदम दूरवर, उन्हात काळी दिसणारी होडी, मग पाण्यात हात घालणारी लहान मुलगी. लोकांनी फार वाखाणलं. बाबांनी दोनदा बघितलं.

“बाय, जॅकेटां खंय गेली?”

मी सरांना विचारलं. ते म्हणाले, “केशरी रंग चेहरे खातो.” त्यांनी जॅकेटं दिसणारा प्रत्येक तुकडा काढला होता; व्हिडिओत उरलेली माणसं जॅकेटं घालायच्या आधी धक्क्याला होडीत बसलेली होती. बाबा जॅकेटं वाटतात, पट्टे आवळतात, ते सगळं. जॅकेटं वाटतानाच्या तुकड्याची चिठ्ठी दोरीवर होती: ‘केशरी. ४१ सेकंद. नको.’ मी बाबांना सांगितलं, दिसायला बरं दिसत नाही म्हणून काढलं. 

व्हिडिओ नेटवर टाकल्याच्या बाराव्या दिवशी होडीला अपघात झाला.

त्या दिवशी होडीत तिघे मित्र होते. खाडीच्या मुखाशी लाटेने होडी एका अंगावर गेली आणि एक जण पाण्यात पडला. त्याचं जॅकेट वेगळं तरंगत वर आलं. बाबांनी उडी मारली, इतर होड्या आल्या, पण माणूस वाचला नाही. घाबरलेल्या मित्रांना नीट काही आठवत नव्हतं. जॅकेटं होती, कुणी बांधायला लावली का ते माहीत नाही, असं ते म्हणाले. त्याच दुपारी मयत माणसाच्या भावाने आमचा व्हिडिओ शोधून काढला. हे बघा, हे जॅकेटं देतच नाहीत, असं लिहून त्याने तो सगळीकडे पाठवला. मी त्याला दोष देत नाही. व्हिडिओत खरोखरच एकही जॅकेट नव्हतं.

बाबांवर हलगर्जीपणाचा गुन्हा नोंदवला गेला. जामीन मिळाला, पण होडी धक्क्याला बांधून ठेवली आणि परवाना अडकला. चौकशी लागली. बाबा नेहमी काय करतात यावर सगळं येऊन थांबलं होतं, आणि नेहमी काय करतात हे दाखवणारी एकच गोष्ट लोकांसमोर होती. बाबा दिवसभर मागच्या पडवीत बसायचे. आई म्हणायची, “तुमी दिलात ना जॅकेट? मगे?” बाबा म्हणायचे, “माणूस गेलो. आता काय दिलंय नि काय नाय.”

मी सरांच्या दारात गेले. दार आतून लावलेलं होतं.

“सर, ते काढलेले तुकडे आहेत ना?”

मी कडी वाजवली.

“सर, सतरा मिनिटांचं सगळं तुमच्याकडेच आहे. माझ्याकडचं मी पुसलं.”

“काढलेलं मी परत लावत नाही.” आवाज दाराच्या अगदी जवळून आला.

“पुसून टाकलंत का, एवढं तरी सांगा.”

त्यांनी सांगितलं नाही. खिडकीतून दोरी दिसत होती, ती केशरी चिठ्ठी दिसत होती. चिठ्ठी आहे म्हणजे तुकडा आहे, असं मी स्वतःला समजावत होते. पण पूर्वी, कापडी पिशवी भरली की ते तुकडे जाळून टाकत, हेही त्यांनीच सांगितलं होतं. तीन दिवस मी त्या दारात गेले. आईने ठेवलेलं ताट ते आत घेत आणि रिकामं बाहेर ठेवत. तिसऱ्या दिवशी आईचा तोल गेला. दारावर थाप मारून ती ओरडली, “अकरा सेकंदाक मुंबई सोडणारे तुमी! आमी खंयसून खंय जाव, ता सांगा!”  आई रडत परत आली. दुसऱ्या दिवशी सकाळी चौकशीची तारीख होती.

सकाळी आम्ही रिक्षाची वाट बघत उभे होतो तेव्हा मागचं दार उघडलं. इस्त्रीचा पांढरा शर्ट, दाढी केलेली, आणि दोन्ही हातांत चादरीत गुंडाळलेला संगणक. ते येऊन रिक्षात बसले आणि संगणक मांडीवर घेतला. बाबा पुढे, रिक्षावाल्याशेजारी. मी आणि सर मागे.

थोडं पुढे गेल्यावर ते हळू आवाजात म्हणाले, “सगळं दाखवणार आहे. सतरा मिनिटं. न कापता.”

“एक्केचाळीस सेकंद पुरे झाले असते ना, सर?”

“त्यात तुझा आवाज आहे.”

माझ्या लक्षात आलं नाही. मग एकदम आलं.  त्या सकाळी धक्क्यावर, बाबा जॅकेटं काढत असताना, फोन धरून मी म्हणाले होते, “बाबा, जॅकेटां मगे घाला मरे, फोटो बरे येवचे नाय.” मी विसरून गेले होते. खरंच विसरले होते. म्हणजे केशरी रंग नको असलेली मी पहिली. ते नंतरचे.

“सर, तेवढा आवाज बंद करा.” मी त्यांचा हात धरला. “दोन सेकंद असतील. फक्त आवाज. चित्र राहू दे. माझं कॉलेज आहे, सगळे बघतील. बाबा ऐकतील.”

“तुझ्या बाबांनी तेव्हाच ऐकलंय.”

“सर, प्लीज.”

ते माझ्याकडे वळले. एरवी ते बोलताना माणसाकडे बघत नसत. “तुजो आवाज काढलंय तर तुज्या बापाशीचा उत्तर कोणाक, गो चेडवा?”

त्यांच्या तोंडून मालवणी मी तेव्हा पहिल्यांदा ऐकली.

चौकशीच्या खोलीत एक अधिकारी, एक लिहून घेणारा, मयत माणसाचा भाऊ आणि आम्ही. भाऊ बाबांच्याच वयाचा होता, डोळे सुजलेले. सरांनी टेबलावर संगणक जोडला. वायर त्यांच्या हातातून दोनदा निसटली. अधिकारी म्हणाले, “फक्त महत्त्वाचा भाग दाखवा.”

“महत्त्वाचा कुठला हे मी ठरवलं, म्हणून आज इथे आहोत,” सर म्हणाले. “सगळं बघा.”

सतरा मिनिटं किती मोठी असतात. माझं बोट भिंगासमोर आलेलं, वाळू, कुणाची तरी चप्पल, कॅमेरा नुसता हलतोय. एरवी सरांनी यातलं एक सेकंदही कुणाला दाखवलं नसतं. ते भिंतीला टेकून उभे होते. आज आरसा नव्हता.  मग धक्का आला, केशरी ढीग आला, आणि माझा आवाज आला. खोलीत फार मोठा वाटला. मी खाली बघितलं. त्यावर पडद्यातले बाबा म्हणाले, “खड्ड्यात गेलो तुजो फोटो. पट्टो बांधल्याशिवाय इंजिन चालू होवचा नाय.” मग ते एकेकापाशी गेले. प्रत्येकाचा पट्टा ओढून बघितला. लहान मुलीचा दोनदा. नाशिकचे गृहस्थ म्हणाले, फार आवळलं, तर बाबा म्हणाले, “आवळू दे. पाणी आमच्यासारखा नाय, ता विचारणा नाय.” परतीच्या भागात सगळे केशरीच होते.

संपलं. अधिकाऱ्यांनी सरांना विचारलं, “हे तुम्ही काढलं?”

“मी काढलं.”

“कारण?”

“सुंदर दिसत नव्हतं.”

“एवढंच?”

“एवढंच. लिहून घ्या. माझी चूक झाली हेही लिहा.” लिहिणारा थांबला. सर म्हणाले, “लिहा, मी थांबतो.” आणि तो पुरं लिहीपर्यंत थांबले.

तेवढ्यात मयत माणसाचा भाऊ बोलला. बाबांकडे बघून. “माझ्या भावाचा पट्टा तुम्ही असाच आवळला होता?”

बाबा उठून उभे राहिले. कचेरीत ते पुस्तकातलं बोलायचा प्रयत्न करतात. “आवळला होता, साहेब. मुखाशी गेल्यावर फोटोसाठी त्यांनी सैल केला. मी बघितलं. सांगायला तोंड उघडलं आणि लाट आली.” मग त्यांचं पुस्तकी संपलं. “थोडो आधी बघूक होयो होतो मी. ता माजा चुकला.”

हे बोलायची गरज नव्हती, असं मला तेव्हा वाटलं. त्याने आमचं सगळं पुन्हा बुडेल असं वाटून मी सरांकडे बघितलं. ते मान हलवत होते. हे राहू दे, असं काहीतरी.  भावाने तोंडावर रुमाल धरला.

अधिकाऱ्यांनी सगळ्याची प्रत घेतली, निर्णय कळवू म्हणाले.  दुसऱ्या दिवशी सरांची खोली उघडी होती. पायरीवर आईचे बारा चिमटे ओळीने ठेवलेले होते. दोरी सोडलेली, चिठ्ठी एकही नाही. संगणक मात्र तसाच टेबलावर, चादरीत. ते कुणकेश्वरला बहिणीकडे गेल्याचं बसवाल्याने सांगितलं. त्यांचा फोन त्यानंतर कधी लागला नाही.

बाबांची मी माझ्या त्या वाक्याबद्दल माफी मागितली. ते म्हणाले, “तू बोललंस म्हणान मी बोललंय. नायतर मी बोलणारो माणूस खंय?” 

पावसाळाभर होडी माडाखाली झाकून होती. गणपती झाल्यावर एका दुपारी पत्र आलं. बाबांनी ते माझ्या हातात दिलं. मी वाचलं, आईला सांगितलं. मग बाबा म्हणाले, “मास्तरांका कोण सांगतला?”

मी एस.टी.ने कुणकेश्वरला गेले. बहिणीने किनाऱ्याकडे बोट दाखवलं. ते ओढून ठेवलेल्या होडीच्या सावलीत बसले होते. दाढी वाढलेली. मला बघून आश्चर्य नाही, काही नाही.

“सर, निकाल आला,” मी म्हणाले. “बाबांचा हलगर्जीपणा नाही, परवाना...”

आणि मी थांबले, कारण अर्थ पोचला होता. ते आता ‘कळलं’ म्हणून उठतील आणि चालू लागतील, म्हणून मी वाट बघत राहिले. ते उठले नाहीत.

“पत्र हाडलंस?”

मी पिशवीतून काढलं.

“वाच.”

“सगळं?”

“वरसून.”

मी वाचू लागले. कार्यालयाचं नाव, जावक क्रमांक, दिनांक. प्रति. विषय. संदर्भ एक, संदर्भ दोन, संदर्भ तीन. माझ्या अर्जांसारखंच सगळं. मग चौकशीत काय आढळलं ते, एका लांबलचक वाक्यात. जॅकेट देणं आणि पट्टे तपासणं ही चालकाची नियमित पद्धत असल्याचं मूळ चित्रीकरणावरून दिसतं. हलगर्जीपणा सिद्ध होत नाही. परवाना पूर्ववत. सही. खाली ‘प्रत माहितीसाठी’ आणि चार नावं. मी तीही वाचली. ते गुडघ्यांवर हात ठेवून ऐकत होते, पायाने काही मोजत नव्हते.

मी कागद घडी घालू लागले.

“शिक्को आसा मा खाली? त्येच्यात काय लिवला आसा?”

शिक्का पुसट होता. मी कागद उन्हात धरला आणि त्यातलीही अक्षरं एकेक करून त्यांना वाचून दाखवली.